ग्रँडमास्टरशी हात मिळवला, त्याची गोष्ट

आधी चहा संपवा, मग सांगतो. मध्येच ठसका लागला तर दोष माझ्यावर नको. आयुष्यात मी बऱ्याचदा माती खाल्ली आहे, पण ग्रँडमास्टरसमोर, भरल्या हॉलमध्ये, वर टाळ्या घेत खाल्ली ती एकदाच!

झालं असं, की म्हैसूरच्या आमच्या मराठी मंडळात एक ग्रँडमास्टर येणार होता. नाव सांगत नाही, बिचाऱ्याची कारकीर्द अजून चालू आहे. वय बावीस. वीस पट मांडायचे, वीसजण बसवायचे, आणि हा एकटा फेऱ्या मारत प्रत्येकाशी एकेक चाल खेळत जाणार.

पाहुण्यांची ओळख करून द्यायचं काम माझ्याकडे. मला बुद्धिबळातलं काय कळतं? घोडा अडीच घरं जातो, संपलं! पण कागद पाठ केला होता. आठव्या वर्षी राज्यात पहिला. परदेशात मोठमोठ्यांना टक्कर देऊन किताबाला लागणारे तीन नॉर्म मिळवले, वर पंचवीसशेचं रेटिंग, आणि पंधराव्या वर्षी ग्रँडमास्टर! वाचताना माझाच ऊर भरून आला. पंधराव्या वर्षी मी काय करत होतो? सांगलीत सायकलची चेन बसवत होतो. तीही नीट बसत नव्हती.

त्या वीसजणांत आमची मुग्धा होती. नववीतली. इथे माझी एक लबाडी कबूल करायला हवी. पुढच्या वर्षी दहावी, म्हणून बुद्धिबळाचा क्लास बंद, असं मी घरात जाहीर केलं होतं. पोरगी दोन दिवस धड जेवली नाही. मग मी मोठ्या मनाचा आव आणून म्हटलं, "बरं, ग्रँडमास्टरशी हरली नाहीस तर क्लास चालू." म्हणजे काय, तर बंदच! ग्रँडमास्टरशी हरत नाही असं कोण असतं हो?

सकाळी दहाला खेळ सुरू झाला. बारानंतर एकेक खेळाडू गळायला लागला. बँकेतले जोशी गेले. गोकुलमला योग शिकायला आलेला एक परदेशी पाहुणा होता, तो दीर्घ श्वास घेत घेत गेला. दीड वाजता एकच डाव उरला. आमच्या मुग्धाचा! आणि मागे उभे असलेले लोक कुजबुजत होते, पोरीचं एक प्यादं जास्त आहे म्हणून.

मी अट विसरलो, दहावी विसरलो. माझी छाती अशी फुगली, की शर्टाचं बटण तुटायचं बाकी होतं.

तेवढ्यात मुग्धाने मला खुणेने बोलावलं. "बाबा, मला बाथरूमला जायचंय. दहापासून बसलेय. तू फक्त इथे बस. तो आला तर 'पास' म्हण, चालतं तसं. आणि कशाला हात लावू नकोस."

"मी कशाला हात लावतोय!" मी म्हणालो आणि बसलो.

आता माझी एक खोड आहे. कुणी समोर येऊन उभं राहिलं की मी उठतो, हात पुढे करतो आणि काय घेणार ते विचारतो. हूटगळ्ळीच्या आमच्या कारखान्यात चुका काढायला आलेला साहेबसुद्धा आधी माझी कॉफी पितो.

ग्रँडमास्टर आला. मी उठलो. हात पुढे केला. "वा सर, काय खेळता! घेणार ना?" मी कोपऱ्यातल्या कॉफीच्या थर्मासकडे मान हलवली. त्याचं तिकडे लक्षच नव्हतं.

त्याने माझ्या हाताकडे पाहिलं. पटाकडे पाहिलं. रिकाम्या खुर्चीकडे पाहिलं.

"नक्की?" त्याने विचारलं.

"अहो, नक्की म्हणजे काय! अगदी नक्की!"

त्याने हात मिळवला आणि हॉलमध्ये टाळ्यांचा कडकडाट झाला. मंडळाचे सेक्रेटरी श्रीपादराव ओरडले, "मुगीतु! संपलं की हो! वीसच्या वीस डाव ह्यांचेच!" श्रीपादरावांचं घराणं पाच पिढ्या म्हैसुरात, त्यामुळे त्यांच्या मराठीत कानडी अशी मिसळलेली असते. त्यांनी यादीत मुग्धाच्या नावापुढे पेनाने टपोरं शून्य काढलं.

टाळ्यांत मला फक्त 'संपलं' ऐकू आलं; वाटलं, ठरलेली वेळ संपली असेल. मी काय केलं असेल? धावत जाऊन शाल आणली! चंदनाचा हार घातला, जरीचा म्हैसुरी पेटा त्याच्या डोक्यावर चढवला, शेजारी उभं राहून फोटो काढला. माझ्याइतकं हसणारं त्या फोटोत कुणीच नाही.

ओले हात पुसत मुग्धा आली. "बाबा, टाळ्या कसल्या?"

"सत्कार चाललाय!"

"आणि माझा डाव?"

"तिथेच आहे की. मी कशालाही हात लावला नाही!"

तिने यादी पाहिली. "हे शून्य? डाव कुणी सोडला?"

"कुणी नाही गं. मी फक्त हात मिळवला."

पोरगी पांढरीफटक पडली. "बाबा, डाव चालू असताना आपण हात पुढे केला तर त्याचा अर्थ हरलो असा होतो!" मग एकदम आवाज खाली आणून म्हणाली, "तू मुद्दाम केलंस ना? क्लास बंद करायला?"

खरं सांगतो, वेंधळा बाप म्हणाली असती तर चाललं असतं. पण लबाड बाप? आणि ती अट तर माझीच!

मी धावलो. सत्काराचा माइक हातातच होता आणि चालूही होता. "सर, हरलो तो मी! ती नाही! मी कॉफी विचारत होतो!" सगळ्या हॉलने ऐकलं. स्वयंपाकघरातल्या आचाऱ्यानेही.

"अय्यो, असं कसं?" श्रीपादराव मध्ये पडले. "पेननं लिहून झालंय!"

ग्रँडमास्टर हसला. "हात यांनी दिला, डाव तिचा आहे. तिने कुठे सोडलाय?" आणि साडेतीन तास उभा असलेला तो माणूस खुर्ची ओढून बसला. पेटा, हार, शाल, सगळ्यासकट!

पुढचा अर्धा तास मी माझे दोन्ही हात मांडीखाली दाबून बसलो. बिसिबेळे भात गार झाला, कुणी उठलं नाही. शेवटी ग्रँडमास्टरनेच हात पुढे केला.

मुग्धाने त्या हाताकडे संशयाने पाहिलं. "म्हणजे नक्की काय? बरोबरी की कॉफी?"

"बरोबरी," तो म्हणाला. हॉल टाळ्यांनी नुसता दणाणला.

सुटलो बुवा! इतकं हायसं मला मुग्धाच्या जन्माच्या वेळीही वाटलं नव्हतं. डोळे पुसत मी म्हणालो, "क्लास चालू! आणि बाळा, देवाशपथ, मुद्दाम नव्हतं गं."

"माहितीये," ती म्हणाली. "मुद्दाम करायला खेळ कळावा लागतो."

राहता राहिलं ते शून्य. "मंडळात खाडाखोड चालत नाही," श्रीपादराव म्हणाले. त्यांनी बाण काढून ते शून्य यादीच्या तळाशी नेलं, तिथे एकविसावं नाव माझं लिहिलं, आणि चालींच्या रकान्यात आडवी रेघ मारली. मुग्धापुढे बरोबरीचा अर्धा गुण मांडला. ग्रँडमास्टरने खाली सही केली.

बायकोने त्या यादीचा फोटो सांगलीला सगळ्यांना पाठवलाय. खाली लिहिलंय, "मुलीने अर्धा गुण डोक्याने मिळवला. यांनी शून्य स्वतःच्या हाताने."