नकाशाबाईंचा गेटपास

आमच्या वसतिगृहाच्या रेक्टरबाई मुलींना घरी सोडण्याआधी एखाद्या देशाचे शेजारी विचारायच्या. उत्तर आलं तर गेटपासवर सही व्हायची. नाही आलं तर, "जेवून घे, उद्या सकाळी सांग." हे मी चेष्टेनं सांगत नाही. मी राहुरीला नवीन आले तेव्हा मलाही वाटलं होतं, की वरच्या वर्गातल्या मुली उगाच घाबरवतायत. पहिल्याच शनिवारी पिशवी भरून ऑफिसात गेले. बाईंनी भिंतीवरच्या जगाच्या नकाशावर लाकडी पट्टी टेकवली आणि म्हणाल्या, "बोलिव्हियाला लागून कोण कोण?"

बोलिव्हिया कोणत्या खंडात आहे हेसुद्धा मला माहीत नव्हतं. बाईंनी त्याचे पाचही शेजारी दाखवले. मग चिलीबरोबरच्या युद्धात त्याचा समुद्रकिनारा कसा गेला ते सांगितलं. समुद्र गेला तरी त्या देशानं आरमार मोडलं नाही, ते आता तळ्यात ठेवलंय, हेही सांगितलं. तोवर नगरहून आमच्या गावाकडं, पारनेर तालुक्यात, जाणारी शेवटची गाडी मिळण्याची आशा संपली होती. बोलिव्हियाबद्दल वाईट वाटावं अशी बाईंची अपेक्षा असावी. मला माझ्या गाडीचं वाईट वाटत होतं.

आम्ही त्यांना नकाशाबाई म्हणायचो. तो नकाशा इतका जुना होता, की त्यात सुदान एकच होता. बाईंनी निळ्या पेनानं आडवी रेघ मारून दक्षिण सुदान वेगळा केला होता आणि नाव बारीक अक्षरात लिहिलं होतं. राजधान्यांना त्या फारशी किंमत देत नसत. "राजधानी पोपटही पाठ करतो," म्हणायच्या, "शेजारी सांग. शेजारी माहीत नसला की माणसाला स्वतःची हद्दही कळत नाही." एकदा एका मुलीनं वैतागून विचारलं, "बाई, तुम्ही यातले किती देश पाह्यलेत?" बाई हैदराबादच्या पलीकडं गेलेल्या नव्हत्या. त्या शांतपणे म्हणाल्या, "मी गेले नाही म्हणून ते जागचे हललेत का?"

मेसमध्येही सुटका नव्हती. एका चतुर्थीला आम्ही साबुदाण्याची खिचडी खात होतो. बाई ताटाकडं बघून म्हणाल्या, "साबुदाण्याचा कंद दक्षिण अमेरिकेतला. शेंगदाणा तिकडचाच. बटाटा तिकडचा, मिरचीही तिकडचीच, पोर्तुगीजांनी आणलेली. उपवास तेवढा आपला." स्वयंपाकाच्या शांतामावशी झारा हातात घेऊन बाहेर आल्या. "बाई, पुढच्या चतुर्थीला खिचडी करू का आधी तिचा पासपोर्ट बघू?" सगळ्या हसल्या. बाई हसल्या नाहीत. पोर्तुगीज गोव्यात कसे आले तिथून त्यांनी सुरुवात केली आणि माझी खिचडी गार झाली.

पालक तर फार चिडायचे. कोणी राहात्याहून, कोणी आणखी लांबून मुलीला न्यायला येई, आणि मुलगी नकाशापुढं उभी राहून मंगोलिया शोधत असे. एकानं विचारलं, "हा नियम कुठं लिहिलाय?" बाई म्हणाल्या, "कुठंच नाही. तुम्ही तक्रार मात्र लिहून द्या." कुणी लिहून दिली नाही. मला वाटतं, लिहायला बसल्यावर नेमकं काय लिहायचं हेच त्यांना सुचत नसेल.

मी बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला होते. सोमवारी प्रॅक्टिकलची परीक्षा होती आणि शनिवारी दुपारी माझे चुलते, तात्या, मोटारसायकलवर आले. रविवारी पाहुणे मला पाहायला येणार होते. "दोन दिसांचं तर काम हाय," तात्या म्हणाले, "सोमवारी सकाळी आनून सोडतो." तात्या खोटं बोलत होते असं मी म्हणणार नाही. पण आमच्याकडं हल्ली पाहण्याचं फक्त पाहणं राहत नाही. पसंती झाली की तिथंच कुंकू लावतात, बैठकीतलंच कुणी म्हणतं, "खर्च कशाला वाढवायचा," आणि संध्याकाळपर्यंत हळद लागून लग्नसुद्धा उरकतं. माझ्या चुलतबहिणीचं असंच झालं होतं. ती बारावीचा एक पेपर टाकून आली होती. तो राहिला तो राहिलाच.

आमच्या घरात कॉलेजात गेलेली मी पहिली. मला 'नाही' म्हणायची सवय नव्हती आणि तात्यांना तर मी कधी उलटून बोललेच नव्हते. मी पिशवी भरली. जिना उतरताना मनात म्हणत होते, आज बाईंनी कितीही अवघड विचारावं. उझबेकिस्तान विचारावा, मध्य आफ्रिका विचारावी, आज माझी तक्रार नाही. ऑफिसात तात्या खुर्चीवर बसले होते. बाईंनी माझ्याकडं पाहिलं, पिशवीकडं पाहिलं. मग पट्टी उचलली आणि म्हणाल्या, "नेपाळ. उत्तरेला कोण आणि दक्षिणेला कोण?"

मला त्यांचा इतका राग यापूर्वी कधी आला नव्हता. तीन वर्षं छळलं, आणि आज चौथीच्या पोराला येईल असा प्रश्न.

"उत्तरेला चीन," मी म्हणाले. मग थांबले. "दक्षिणेला समुद्र."

"आगं येडे, भारत की," तात्या म्हणाले. "मी सोता पशुपतिनाथाला जाऊन आलोय. तिथं कुठला समुद्र?"

"उत्तर मुलीनं द्यायचं असतं," बाई म्हणाल्या. "पालकांचं धरत नाही."

"आवो पन बाई, तिला येतंय. घाबरली आसंल. ईचारा परत."

"परत उद्या सकाळी."

"उद्या सकाळी पाव्हनं येनार हायेत."

"मग त्यांना सांगा, मुलगी अभ्यासात कच्ची आहे."

तात्या उठले, नकाशाजवळ गेले आणि नेपाळवर बोट ठेवून मला म्हणाले, "हे बघ पोरी, हाय का कुठं पानी?" मी खाली पाहत राहिले. त्यांनी माझ्याकडं पाहिलं. मग टोपी नीट करून निघून गेले.

संध्याकाळी वडिलांचा फोन आला. ते दुधाचा टेम्पो चालवतात आणि फोनवर कामापुरतंच बोलतात. "तात्या म्हनतोय, तुला नेपाळ सांगता आला न्हाई. खरंच येत न्हवतं का?"

मला वाटतं, 'येत नव्हतं' म्हणाले असते तर सगळ्यांनाच सोपं गेलं असतं. मी म्हणाले, "येत होतं, आप्पा."

त्यांनी टेम्पोचं इंजिन बंद केलं. मग ते म्हणाले, "परीक्षा कवा संपती?"

"पुढच्या महिन्यात."

"बरं. पाव्हन्यांना मी सांगतो काय सांगायचं ते. जेवली का?"

मी धावतच ऑफिसात गेले. बाई मेसचा हिशेब करत होत्या. मी सगळं सांगितलं आणि रागानंच विचारलं, "बाई, तुम्ही अवघड का नाही विचारलं? मला खोटं तरी बोलावं लागलं नसतं."

"अवघड विचारलं असतं तर मी तुला अडवलं असतं," बाई म्हणाल्या. "मी किती जणींना अडवणार? जायचं की नाही ते तुझं तू ठरवायचं होतंस." मला रडू येत होतं. तेवढ्यात त्यांनी चष्म्यावरून पाहिलं. "पण मुद्दाम चुकायचं तर काही रीत असते की नाही? भूतान म्हणायचं, बांगलादेश म्हणायचं. नेपाळला समुद्र? तीन वर्षं मी काय शिकवलं तुला?" आणि परीक्षा दोन दिवसांवर असताना त्यांनी मला हिमालयाच्या पायथ्याचे सगळे देश कागदावर काढायला बसवलं.

त्याच उन्हाळ्यात बाई निवृत्त झाल्या. निरोपाच्या कार्यक्रमात मुली रडत होत्या. कार्यक्रमाचे प्रमुख पाहुणे भाषणात म्हणाले, "बाईंनी आफ्रिकेसारख्या देशाचीसुद्धा माहिती मुलींना दिली." बाई व्यासपीठावरून उठल्या. आफ्रिका हा देश नसून खंड आहे, असं सांगून खाली बसल्या. पुढं कुणाला रडता आलं नाही.

मी आता एम.एस्सी.ला आहे आणि त्याच वसतिगृहात राहते. नव्या मॅडम चांगल्या आहेत. पालकांचा मोबाईलवर मेसेज आला की लगेच पास मिळतो, गाडी चुकत नाही. बाईंची आठवण येते असं म्हणायला मन धजत नाही. खरं सांगायचं तर त्यांचा रागच येतो. निवृत्तीचं वय झालं म्हणून लगेच जायची काय घाई होती त्यांना? मागच्या महिन्यात आमच्या मजल्यावरची, पहिल्या वर्षाची एक मुलगी पिशवी घेऊन जिन्यात उभी होती. घरून मेसेज आला होता, पास हातात होता. ती माझ्याकडं नुसती पाहत राहिली. मी म्हणाले, "नीट जा." तिची कॉट अजून रिकामी आहे.