काळ थांबवणारं यंत्र आणि साखरेची वाटी

आमच्या करी रोडच्या चाळीत काळ थांबवणारं यंत्र होतं, असं मी ऑफिसात सांगते तेव्हा लोक हसतात. हसू देत. ते यंत्र मी स्वतः चालवलंय.

गेल्या गणपतीत मंडळाने जिवंत देखावा करायचं ठरवलं. एक शास्त्रज्ञ येतो, दांडा खाली ओढतो आणि अख्खी चाळ आहे त्या क्षणी काळाच्या बाहेर जाऊन थांबते. दांडा वर केला की माणसं पुन्हा हलायला लागतात. ही कल्पना मंडळाच्या सेक्रेटरीची. हा गृहस्थ समोरच्या चाळीत राहतो, दिवसा विमा विकतो आणि उरलेल्या वेळात आम्हाला कामाला लावतो. त्याने कुठून तरी एक मोडकं कपाट, व्यायामाच्या सायकलचं चाक आणि जुन्या हातपंपाचा दांडा पैदा केला आणि सगळ्याला चंदेरी रंग फासला. वर दिव्यांच्या माळा सोडल्यावर ते यंत्र कमी आणि लग्नाची वरात जास्त वाटायला लागलं. शास्त्रज्ञ अर्थात तोच. खरा दांडा मात्र प्लायवूडच्या मागे उभं राहून ओढायचा होता, आणि ते काम माझ्या गळ्यात पडलं. दांडा खाली आला की स्पीकरवर गिरणीचा भोंगा वाजायचा आणि सगळे स्तब्ध.

थांबलेल्या चाळीत कॅरम खेळणारे होते, वेणी घालून घेणारी एक मुलगी होती, आणि अगदी पुढे शेजारणीला वाटीभर साखर देणारी माझी आई. आईने नवीन साडी काढून ठेवली होती. गणपती बसायच्या आदल्या दिवशी साखर मागणारीचा पाय मुरगळला. सेक्रेटरीला आमच्या मजल्यावरचं राजकारण माहीत नव्हतं. त्याने तिच्या जागी आमच्या शेजारच्या काकूंना उभं केलं.

आई आणि काकू मागच्या उन्हाळ्यापासून एकमेकींशी बोलत नव्हत्या. झालं होतं असं, की काकूंनी मुलीच्या सासरी पाठवायला उडदाचे पापड केले आणि गच्चीवर वाळत घातले. शेजारीच आईचे सुके बोंबील. दुपारी अवकाळी शिंतोडे आले, काकू बाजारात. आई धावत वर गेली आणि तिने आधी काकूंचे पापड उचलले. उचलले आणि हाताशी होती त्या टोपलीत घातले. टोपली बोंबलांची होती. काकूंच्या मुलीचं सासर माळकरी. विहिणीने डबा उघडला तो नाकाला पदर लावूनच. त्याच आठवड्यात काकूंनी बोंबलांच्या वासावरून कुरकुर केली होती, त्यामुळे आईने मुद्दाम सूड उगवला अशी त्यांची खात्री झाली. त्यांनी आमच्या तोंडावर दार आपटलं.

मी म्हटलं, मी जाऊन सांगते. आई फणकारली, "काय गरज नाय! जिच्यासाठी धावले तिनं विचारलंन पण नाय." मालवणी माणूस एकदा रुसला की देवालाही आवरत नाही, आणि साताऱ्याच्या काकू तर त्याहून दोन पायऱ्या वर.

आणि आता विसर्जन झालं की काकू मुलाकडे बदलापूरला कायमच्या राहायला जाणार होत्या. आई वरवर म्हणायची, "जाईनात का." पण रोज संध्याकाळी मला विचारायची, "सामान बांधलंनी का गो त्यांनी?" बदलापूरला गेलेलं माणूस भांडण मिटवायला करी रोडला परत येत नाही. हे तिला कळत होतं आणि तिचा जीव तुटत होता. मला दोघींचा भयंकर राग यायचा.

गणपतीच्या कामाला नाही कसं म्हणणार, म्हणून पहिले काही दिवस दोघी दगडासारख्या उभ्या राहिल्या. अभिनय कसला, ते तर त्यांचं रोजचंच होतं. लोक मात्र वाहवा करत होते. मग एका संध्याकाळी मी दांडा ओढला, भोंगा वाजून थांबला, आणि प्लायवूडच्या पलीकडून आईचा आवाज आला. फटीतून पाहिलं तर ओठ मिटलेलेच.

"पापड भिजत होते, वैनी. दुसरी टोपली नव्हती हाताशी."

मी फटीच्या आणखी जवळ सरकले.

"मग तवाच का नाय सांगितलं?"

"दार लावलात ना धाडकन."

एवढ्यात शास्त्रज्ञ झालेल्या सेक्रेटरीचं थांबलेल्या काळावरचं भाषण संपलं. आता दांडा वर करायचा होता. त्याने कडेने डोकावून खूण केली. मी मान हलवून नाही म्हटलं.

"जावई अजून विचारतो," काकू ओठ न हलवता म्हणाल्या. "मागच्या वेळेसारखे पापड परत का नाय केले, म्हणून. बाहेर चोरून मासळी खातो मेला."

दाबलेल्या हसण्याने आईच्या हातातली वाटी हलायला लागली. काकूंचे खांदे गदगदत होते. रांगेतलं एक पोर ओरडलं, "हलली! ती बाई हलली!" मागून लोक "पुढे चला, पुढे चला" करत होते. सेक्रेटरी धावत मागे आला आणि माझ्यावर खेकसला, "ताई, दांडा!"

"अडकलाय," मी म्हटलं आणि तो दोन्ही हातांनी दाबून धरला. कॅरमवाल्यांनी मला मनसोक्त शिव्या दिल्या असतील. त्या दिवशी इतका आनंद झाला होता की मला त्याचं काहीच वाटलं नाही.

त्यानंतरचा प्रत्येक खेळ लांबला. दोघी काळाच्या बाहेर उभ्या राहून मागचं सगळं बोलून घेत होत्या.

विसर्जनानंतर यंत्र मोडून माळ्यावर गेलं. काकूंचा टेम्पो भरून गेटपाशी उभा राहिला. आम्ही खाली गेलो, तर आईच्या हातात तीच वाटी, या वेळी खरी साखर भरलेली. काकूंनी दोन्ही हात पुढे केले. आईने वाटी धरली, काकूंनीही धरली, आणि दोघी तशाच उभ्या राहिल्या. कुणी सोडेना. टेम्पोवाल्याने हॉर्न दिला, काकूंच्या मुलाने घड्याळ बघितलं. मी काहीतरी बोलणार होते.

आई माझ्याकडे न बघता, मिटल्या ओठांनी म्हणाली, "दांडा वर करू नको हं."