बंदीच्या महिन्यातला ढोल

तेशी गावाच्या किनाऱ्यालगतच्या जुन्या मासळीच्या गोदामात अयोर्कोर बावीस वर्षं पोरांना आपल्या गा जमातीचे ढोल आणि नाच शिकवत आली होती. आता गुडघे कुरकुरू लागले होते. पोरं यायची, हात बसला की लग्नाच्या बँडमध्ये पळायची; मग नवी यायची आणि पुन्हा पहिला धडा. घाण्याचा बैलसुद्धा कधीतरी सुटतो, असं ती म्हणे.

यंदा गोदामाच्या विश्वस्तांनी फर्मावलं, वर्ग बघू, पटला तर जागा राहील, नाहीतर भाड्याने जाईल. तारीख दिली ती नेमकी बंदीच्या महिन्यातली. पुजाऱ्यांनी मका पेरला की महिनाभर गावात ढोल वाजत नाही, मक्याला निवांत उगवू द्यायचं असतं. तारीख बदलून मागायला अयोर्कोरने तीन खेपा घातल्या. "थांबायला आम्ही काय मका आहोत?" एवढंच उत्तर मिळालं.

ठरल्या दिवशी विश्वस्तांतले लार्बीसाहेब आले. पोरं अनवाणी, पावलांचाही आवाज न करता नाचली.

"बाई, हा नाच आहे की चोरी?" साहेबांनी जांभई दिली. "दार लावा आणि एकदा हळू वाजवा. कोण ऐकतंय?"

अयोर्कोर कंटाळली होती. साहेबांना, नियमांना, त्या मक्यालासुद्धा. ती पंधरा वर्षांच्या द्रोमोकडे वळली. "वाजव गं. हळूच."

द्रोमो ढोलाजवळ गेली, त्याच्यावरचं कापड नीट केलं आणि हात मागे बांधून उभी राहिली. "नाही, मावशी."

"अगं, जागा जाईल!"

"गेल्या वर्षी याच महिन्यात मी नुसतं ताट वाजवलं, तर तुम्ही माझा कान पिळलात. अजून दुखतोय."

लार्बीसाहेब घड्याळ बघत उठले आणि निघून गेले. जागा गेली, हे शेंबड्या पोरालाही कळलं असतं.

अयोर्कोर मटकन बाकावर बसली. जागेचं दुःख होतंच, पण त्याहून जास्त तिला स्वतःची लाज वाटत होती. द्रोमो शेजारी येऊन टेकली.

"चिडलात?"

"तुझ्यावर कशाला चिडू? फक्त तुझ्या आईला सांगू नकोस, मी काय म्हणाले ते."

"कधी म्हणालात?" द्रोमो म्हणाली. "मला तर काहीच ऐकू आलं नाही."