बुरुलच्या डोळ्यातले सोळा टाके

आज फोनवर बुरुल तीनदा म्हणाली, "काही नाही आपा, डोळा वाऱ्याने लाल झालाय." ही मुलगी लहानपणी तापाने फणफणली तरी फक्त "पाय गार पडलेत" म्हणायची. तिने एकच गोष्ट तीनदा सांगितली, म्हणजे काहीतरी बिनसलंय. जेवण गेलं नाही. शाळेच्या वह्या समोर घेतल्या, एकही तपासली गेली नाही. म्हणून हे लिहीत बसले आहे.

बुरुल माझी थोरली मुलगी; आमच्याकडे आईला आपा म्हणतात. जन्मली तेव्हा तिच्या दोन्ही बाहुल्या दुधासारख्या पांढऱ्या होत्या. शेजारच्या म्हाताऱ्या म्हणाल्या, नजर लागली. मी डोंगरातल्या नारिन गावी शाळेत रसायनशास्त्र शिकवणारी बाई. मी नजर उतरवत बसले नाही, आठ महिन्यांच्या पोरीला उचललं आणि राजधानी बिश्केक गाठलं. तिथे दोन्ही डोळ्यांतले मोतीबिंदू काढले. त्या वर्षांत दुकानात साखर मिळत नव्हती, तिथे डोळ्यात बसवायचं कृत्रिम भिंग कुठलं? डोळे भिंगाविनाच राहिले आणि नाकावर जाडजूड चष्मा आला.

पोरं तिला "घुबडी" म्हणायची. ती म्हणायची, "घुबडाला रात्री दिसतं. तू संडासाला एकटा जाऊन दाखव आधी."

पुढे ती नमद्याचे, म्हणजे दाबून जाड केलेल्या लोकरीचे, गालिचे करायला लागली. लाल आणि काळा थर एकावर एक ठेवायचा, एकाच सुरीने शिंगांची नक्षी कापायची, मग लाल शिंगं काळ्यात आणि काळी लालमध्ये बसवून शिवायची. ती नाक नमद्याला टेकवून कापायची. सुरी भुवईपासून चार बोटांवर फिरायची आणि मी दुसऱ्या खोलीत जाऊन बसायची. तिची रेघ कधी चुकली नाही.

बाविसाव्या वर्षी डाव्या डोळ्यातला दाब वाढला आणि तो डोळा गेला. तरी मैरामने तिच्याशी लग्न केलं, ती आत-बाशीला सासरी गेली. मग उजव्या डोळ्याचं बुबुळ सुजत गेलं. हमामाच्या काचेवर वाफ धरावी तसं. दोन वर्षं आम्ही कुणा मेलेल्या माणसाच्या डोळ्याची वाट पाहिली. अशी वाट पाहताना आई काय मागत असते, ते लिहवत नाही.

जानेवारीत एक बुबुळ मिळालं. डॉक्टर इसायेवांनी मला आधीच सांगितलं होतं, "भिंग नसलेला डोळा उघडला की हवा गेलेल्या फुग्यासारखा खचतो, आतला गर पुढे येतो. म्हणून आधी पांढऱ्या भागावर धातूचं कडं शिवून डोळा ताणून धरायचा, मग जुनं बुबुळ कापायचं." नवं बुबुळ सोळा टाक्यांनी बसवलं. "वर्षभर हे टाकेच सगळं धरून ठेवणार. मान कमरेखाली न्यायची नाही, ओझं नाही, धूर नाही. डोळा लाल झाला, उजेड टोचला, अंधुक दिसलं, तर त्याच दिवशी इथे या. शरीर परक्याला हाकलायला लागलं की एकेक दिवस मोलाचा असतो."

पट्टी काढल्यावर बुरुल माझ्याकडे बघून म्हणाली, "आपा, तुमच्या भुवया पिकल्या! कुणी सांगितलं नाही मला?"

चार दिवसांपूर्वी तिच्या सासऱ्यांच्या सत्तरीची मेजवानी होती. आमच्याकडे सून प्रत्येक वडीलधाऱ्यापुढे गुडघ्यांवर हात ठेवून तीनदा वाकते. बुरुल किटलीपाशी ताठ उभी होती.

"काय गं साकिन, तुझी सून खांब गिळून आली की काय?" एका म्हातारीने विचारलं.

विहीणबाई हसल्या. "डॉक्टरने तिला राणी करून पाठवलंय. आता आम्हीच वाकतो तिच्यापुढे!"

सगळा मांडव हसला. बुरुलने माझ्याकडे पाहिलं. शिकलेली बाई मी, सगळं ठाऊक असलेली. मी काय केलं? चारचौघांत नाक कापलं जाऊ नये म्हणून हनुवटीने खुणावलं: वाक.

ती वाकली. एकेकापुढे तीनदा. शंभर तरी म्हातारी माणसं होती. प्रत्येकाने तिला आशीर्वाद दिला आणि ताटातलं मांस खाल्लं.

आज मी विचारलं, "उजेड टोचतो का?"

"पडदे लावलेत आम्ही."

"अंगणात मैरामची गाडी दिसते?"

"गाडी आहे एवढं दिसतं."

"मग अजून घरात काय करतेस? बिश्केकला नीघ!"

"सासूबाई म्हणतात, कळप कुरणावर चढवायचाय, दहा दिवसांनी जाऊ. त्या रोज गार चहाने डोळा धुतात. त्यांच्या आईचे डोळे म्हणे त्यावर ऐंशीपर्यंत टिकले." मग हळूच, "तुम्ही त्यांना काही बोलू नका, आपा. नंतर मलाच ऐकावं लागतं."

चहाने! सोळा टाक्यांवर चहा!

मुलीच्या आईने सासरच्या दारात आवाज चढवायचा नसतो, हे मला माझ्या आईने शिकवलं आणि मी बुरुलला. या शिकवणीनेच तिला वाकवलं. आणखी किती जपू ती? मैरामला फोन करून उपयोग नाही, तो आईला विचारून उत्तर देईल. विहीणबाईंनाच, माझ्या कुदागीलाच, करते. सांगते, "कुदागी, मेजवानीत मीच तिला वाक म्हणून खुणावलं, माझी चूक तुमच्याहून मोठी. पण पहाटे पाचला मी टॅक्सी घेऊन फाटकाशी येते आहे. मुलगी तयार ठेवा. आणि तो चहा ओतून द्या." चिडल्या तर चिडू देत. आयुष्यभर बोलल्या नाहीत तरी चालेल.

एक वाजून गेलाय. त्या झोपल्या असतील. नंबर लावते.