हिसामात्सुची राहिलेली माफी

सिनेमाचा निर्माता काय करतो, सांगा बघू? खुर्चीत रेलून हुकूम सोडतो म्हणालात, तर तुम्ही तोक्योचा त्सुनेओ हिसामात्सु पाहिलेलाच नाही. हा गडी उभा जन्म माफी मागत फिरला. नट पिऊन पडला, वाका. दिग्दर्शकाने देवळाच्या पायरीवर खोटं रक्त सांडलं, वाका. ज्या गल्लीत शूटिंग, तिथे आदल्या दिवशी दारोदार मिठाईचे डबे वाटायचे नि उद्याच्या त्रासाची माफी आजच मागायची. टाळ्यांना दिग्दर्शक, कंबर मोडायला निर्माता! घरी परतावं तर दिवासुद्धा स्वतःच लावायचा.

यंदा दिग्दर्शकाने तोक्योच्याच मिनोवा भागातली गल्ली निवडली नि त्सुनेओचं तोंड उतरलं. त्याला सोडून गेलेली बायको, मियोको, त्याच गल्लीत राहायची. तिचं बाळ पोटातच गेलं, तेव्हा हा उत्तरेत बर्फातलं शूटिंग सांभाळत बसला होता. फोनसुद्धा केला नाही. डबे वाटायला दुसऱ्या कुणाला धाडता आलं असतं. नाही धाडलं. ‘मी यायला हवं होतं,’ एवढंच तिला सांगायचं होतं. प्रत्येक दारी वाकताना तो तेच मनात घोकत होता.

तिचं दार उघडलं. केस पिकलेले, गळ्यात टॉवेल. आणि सवयीने घात केला. कंबर आपोआप वाकली, दोन्ही हातांनी नावाचं कार्ड पुढे झालं. “हिसामात्सु, निर्माता. उद्या आपल्याला फार त्रास होणार, आधीच क्षमा मागतो.”

मियोकोने कार्ड दोन्ही हातांत घेतलं, परक्याचं वाचावं तसं सावकाश वाचलं.

“अस्सं! निर्माते का आपण? नाव ऐकून होते.”

“मियोको, मी...”

“गोंधळ कधी आटपेल?”

“दुपारी.”

“कोपऱ्यावरच्या आजींना जोरात सांगा, कमी ऐकू येतं. आणि ती कंबर दाखवा कुणाला तरी, हिसामात्सु-सान.”

त्याला हसू आलं. तेवढ्यात शेजारचा म्हातारा ओरडला, “ओ सिनेमावाले! आम्हाला डबा नाही का? आमच्याकडे काय गोंधळ कमी होणार आहे?”

त्सुनेओ वळला, वाकला, डबा दिला. परत वळला तर मियोकोचं दार लागलेलं. कडी वाजवायला हात उचलला, खाली घेतला, नि तो पुढच्या दारी गेला.

शूटिंग झकास झालं. मियोकोची खिडकी दुपारपर्यंत बंद होती. दुपारनंतरही उघडली नाही.

चूक त्याचीच, त्याची वकिली नकोच. पण तुमच्या दारी असा कुणी पाठ केलेलं बोलत उभा राहिला, तर लगेच दार लावू नका. त्याचं पाठ केलेलं संपून मनातलं ओठांवर येईपर्यंत थांबा जरा.