बाबांचं फोर्थविथ

बाबांनी फोर्टातल्या एका वकिलाकडे तीस वर्षं टायपिंग केलं. गिरगाव सोडून आम्ही भाईंदर पूर्वेला, इंद्रलोकमध्ये आलो तेव्हा टाइपरायटर भंगारात गेला. ‘फोर्थविथ’ मात्र सोबत आलं. म्हणजे ताबडतोब. पत्र नळाचं असो की गटाराचं, शेवटी तो शब्द हवाच. घरातसुद्धा, "चहा, फोर्थविथ!" आई आतून ओरडायची, "तुमचं फोर्थविथ गेलं खड्ड्यात, दूध नासलंय."

डिसेंबरात बिल्डिंगची लिफ्ट बंद पडली. आम्ही चौथ्या मजल्यावर, आईचे गुडघे कामातून गेलेले. महिनाभर ती खाली उतरली नव्हती. संक्रांतीचं हळदीकुंकू खाली कंपाउंडमध्ये होतं आणि तिला काही करून तिथं जायचं होतं. बाबांनी लिफ्टवाल्यांना पत्र लिहून टाइप करायला मला दिलं. मी पडले अतिशहाणी! फोर्थविथ काढलं आणि ‘शक्य तितक्या लवकर’ असं साधं इंग्रजी घातलं. असले शब्द आता वापरतं कोण?

पण गेलेल्या प्रत्येक पत्राची ऑफिस कॉपी बाबा फाइलला लावतात, आणि लावण्याआधी वाचतात. त्यांनी चष्मा काढला.

"शक्य तितक्या? मी त्यांना सवड दिली नव्हती. तू दिलीस."

ओरडले असते तर मी भांडले असते. त्यांनी कॉपी तशीच फाइलला लावली, आणि माझी मलाच लाज वाटली.

मग मी त्यांची जुनी डिक्शनरी काढली. ‘फोर्थ’ म्हणजे पुढे, ‘विथ’ म्हणजे सोबत. शेकडो वर्षांपूर्वी अर्थ नुसता ‘सोबत’ एवढाच होता. एका गोष्टीसोबतच दुसरी, मध्ये खंड नाही, म्हणून पुढे ‘ताबडतोब’. मी मोठ्यानं वाचून दाखवलं.

"माहितीये," बाबा म्हणाले, पण स्वारी खुलली. दुसरं पत्र त्यांच्या शब्दासकट गेलं.

लिफ्टवाले तरीही आले नाहीत. हळदीकुंकवाच्या दिवशी आई काळी साडी नेसून दुपारपासून दाराशी बसली होती. "जाऊ दे गं, पुढच्या वर्षी," म्हणाली. बाबांनी चपला घातल्या, हात पुढे केला.

"चल."

एकेक पायरी उतरत दोघं निघाली, मागून मी स्टूल घेऊन. प्रत्येक मजल्यावर आई टेकायची. खाली पोहोचलो तेव्हा बायका सतरंजी गुंडाळत होत्या; आईला बघून त्यांनी ती पुन्हा पसरली. मला रडूच आलं.

आईनं हातातला पहिला तिळगूळ बाबांना दिला.

"घ्या," म्हणाली, "आणि त्या लिफ्टवाल्यांशी अजिबात गोड बोलू नका."