रामरावांचं नाव

पुष्पाबाईंचे रामराव नोकरीपायी परगावी असतात, हे बदनापूरच्या त्या कॉलनीत सगळ्यांना ठाऊक होतं. त्यांनी अंबडला दुसरा संसार थाटला होता, हे मात्र बाईंनी कधी कुणाला कळू दिलं नाही.

आज घरी संक्रांतीचं हळदीकुंकू होतं. बायका यायच्या तोंडावर दिराचा फोन आला. "वहिनी, दादा गेले. काल माती झाली. तुमी येऊ नका, तिकडची लेकरं हायेत."

तोवर बायका दारात आल्याच. शेजारणीनं बाईंच्या कपाळावर ठसठशीत कुंकू लावलं. "आता नाव घ्या!"

"तिळगुळाच्या ताटात हलव्याला काटा, रामरावांच्या नावात माझाही वाटा."

"वाटा कशाचा? अख्खे तुमचेच न्हाई का!" बायका खळखळून हसल्या.

पुष्पाबाईही हसल्या. कॉलनीत रामराव अजून जिवंत होते. उद्याही कुंकू लावावंच लागणार होतं.